'ओम क्रूगर' (१९४१): बोअर युद्धावरच्या नाझी प्रॉपगंडा फिल्मबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही फिल्म नेमकी कसली आहे?

१९४१ सालची जर्मन फिल्म आहे, साधारण सव्वादोन तासांची, आणि कथा घडते दक्षिण आफ्रिकेत, १८९९ ते १९०२ च्या बोअर युद्धात, म्हणजे तिथले डच वंशाचे गोरे शेतकरी (बोअर) विरुद्ध ब्रिटन या लढाईत. हिरो म्हणजे ट्रान्सव्हाल या बोअर राज्याचा राष्ट्राध्यक्ष पॉल क्रूगर, ज्याला त्याचे लोक प्रेमाने 'ओम' म्हणजे काका म्हणायचे, तेच नावात आलंय. व्हिलन म्हणजे अख्खं ब्रिटन. डायरेक्टर हान्स श्टाइनहोफ, प्रॉडक्शन टोबिस कंपनीचं, आणि क्रूगरच्या रोलमध्ये एमिल यानिंग्स. ४ एप्रिल १९४१ ला बर्लिनमध्ये प्रीमियर झाला. तेव्हा जर्मनीचं ब्रिटनशी युद्ध चालूच होतं, लंडनवर बॉम्ब पडत होते, आणि जर्मन माणसाच्या मनात इंग्रजांबद्दल राग पेटता ठेवायचा हे या फिल्मचं काम होतं. गोबेल्सच्या प्रचार खात्याने तिच्यात पाण्यासारखा पैसा ओतला, बजेट पंचावन्न लाख राइशमार्कच्या आसपास गेलं, म्हणजे त्या काळातल्या सगळ्यात महागड्या जर्मन फिल्म्सपैकी एक.

स्टोरी थोडक्यात सांगा ना.

जिनिव्हातलं एक हॉटेल, तिथे म्हातारा, जवळजवळ आंधळा झालेला क्रूगर पडून आहे, आणि तो नर्सला आपली कहाणी सांगतो, बाकी सगळा फ्लॅशबॅक. शेतकरी लोकांचा साधा, देवभोळा देश, त्यांच्या जमिनीत सोनं सापडतं, मग शेजारच्या ब्रिटिश केप कॉलनीचा पंतप्रधान आणि खाणमालक सेसिल ऱ्होड्स आणि ब्रिटनचा वसाहतमंत्री जोसेफ चेंबरलेन यांचे डोळे त्या सोन्यावर. ऱ्होड्स क्रूगरला विकत घ्यायला बघतो, ते जमत नाही, मग युद्ध. क्रूगरचा मुलगा यान हा ऑक्सफर्डला शिकून आलेला, इंग्रजांशी जुळवून घ्या म्हणणारा, बापाशी त्याचं भांडण होतं, पण एक इंग्रज सोल्जर त्याच्या बायकोवर हात टाकतो तेव्हा यान त्याला मारतो आणि बंदूक उचलतो. नंतर ब्रिटिश सेनापती किचनर येतो, शेतं जाळतो, बायकापोरांना छळछावणीत कोंबतो. शेवटाकडे यान बायकोला भेटायला छावणीपाशी येतो आणि पकडला जातो, बायकोच्या डोळ्यांदेखत त्याला फाशी देतात, बायका चिडून पुढे येतात तर त्यांच्यावर गोळीबार. मग परत हॉटेल, आणि क्रूगरचं भाकीत की एक दिवस मोठी राष्ट्रं उठतील आणि इंग्लंडचा हिशोब चुकता करतील. कोणती मोठी राष्ट्रं हे १९४१ च्या प्रेक्षकाला सांगायची गरजच नव्हती.

यातलं खरं किती आणि रचलेलं किती? (हा सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न)

याचं उत्तर जरा लांबेल, पण या फिल्मचं सगळं विष इथेच आहे.

खरं आधी सांगतो. १८८६ मध्ये विटवॉटर्सरँडला सोनं सापडलं आणि त्यानंतर ट्रान्सव्हालवर इंग्रजांचा डोळा होता हे खरंय. १८९५ च्या डिसेंबरअखेर जेम्सन नावाच्या ऱ्होड्सच्या माणसाने ट्रान्सव्हालवर छापा घातला, तो फसला, आणि त्यापायी ऱ्होड्सला केप कॉलनीचं पंतप्रधानपद सोडावं लागलं हेही खरं. बोअर लोक मैदानात हरायला लागल्यावर गनिमी काव्यावर आले, आणि त्यांची रसद तोडायला किचनरने वाड्यावस्त्या जाळल्या, जनावरं मारली आणि घरच्या बायकामुलांना तंबूंच्या छावण्यांमध्ये आणून टाकलं. तिथे गोवर, टायफॉइड, जुलाब आणि उपासमार यांनी साधारण २८,००० बोअर मेले, त्यातली बहुसंख्य लहान मुलं. हा इंग्रजांच्या इतिहासातला खरा, काळा डाग आहे आणि त्यात कमी करून सांगण्यासारखं काही नाही.

आता रचलेलं. यान आणि त्याची फाशी काल्पनिक आहे (खऱ्या क्रूगरला डझनावर मुलं होती). छावणीत बायकांना रांगेत गोळ्या घातल्या असं झालेलं नाही, ती माणसं मेली रोगांनी, भुकेनी आणि सरकारी बेपर्वाईनी, जे भयानकच आहे पण कत्तल नाही. राणी व्हिक्टोरियाला दारू ढोसणारी म्हातारी दाखवलंय, आई मरायला टेकलेली आणि युवराज पॅरिसच्या कॅबरेत बसलेला, हा सगळा मसाला. मिशनरी एका हाताने बायबल आणि दुसऱ्या हाताने बंदुका वाटतायत आणि मागे ब्रिटिश राष्ट्रगीत, तो सीन तर पोस्टरसारखा आहे, एकदा बघितला की डोक्यातून जात नाही. आणि युद्धाचा शेवटचा इशारा ऑक्टोबर १८९९ मध्ये बोअर सरकारनेच दिला आणि पहिली चढाईही त्यांनीच नाताळ प्रांतात आणि केपमध्ये केली, ते फिल्म बघून कळणार नाही.

पण मला सगळ्यात जास्त खटकतं ते जे दाखवलंच नाही ते. बोअर छावण्यांच्या शेजारी काळ्या आफ्रिकन लोकांसाठी वेगळ्या छावण्या होत्या, त्यात लाखाच्या वर माणसं होती, आणि नोंदवलेले मृत्यूच निदान १४,०००, खरा आकडा २०,००० च्या पुढे असावा असं इतिहासकार मानतात. फिल्ममध्ये त्यांचं नावनिशाण नाही. दुसरं म्हणजे एमिली हॉबहाउस. ही इंग्रज बाई जानेवारी १९०१ मध्ये स्वतः ब्लूमफाँटेनच्या छावणीत गेली, परत येऊन लंडनमध्ये तिने रान उठवलं, विरोधी पक्षनेत्याने भर सभेत आपल्याच सैन्याच्या पद्धतीला रानटी म्हटलं, सरकारला मिलिसंट फॉसेट यांच्या हाताखाली फक्त बायकांची चौकशी कमिटी पाठवावी लागली, आणि त्यानंतर छावण्यांतले मृत्यू कमी होत गेले. ही अख्खी बाजू गायब. कारण ती दाखवली तर प्रेक्षकाच्या मनात आलं असतं की आपल्या देशात असं रान कोणी उठवू शकतं का.

म्हणजे जर्मन लोक इंग्रजांना छळछावण्यांवरून नावं ठेवत होते?

हो, आणि हे फिल्मच्या आधीपासून चालू होतं. बर्लिनमधले ब्रिटिश राजदूत नेव्हिल हेंडरसन यांनी लिहून ठेवलंय की आपण जर्मन छळछावण्यांचा विषय काढला तेव्हा हिटलरचा जवळचा मंत्री गोअरिंग याने सरळ विश्वकोशाचा खंड काढला आणि त्यात दाखवलं की ही कल्पना पहिल्यांदा ब्रिटिशांनी दक्षिण आफ्रिकेत वापरली.

तारखा शेजारी शेजारी ठेवून बघा. डाखाउची छावणी मार्च १९३३ पासून चालू. झाक्सेनहाउझेन १९३६, बुखेनवाल्ड १९३७. राव्हेन्सब्रुक, जी खास बायकांसाठीच बांधली, ती १९३९. आउशविट्झमध्ये पोलिश कैद्यांची पहिली मोठी तुकडी आली १४ जून १९४०. वॉर्साचा घेट्टो, म्हणजे ज्यूंना कोंडलेली वस्ती, नोव्हेंबर १९४० ला बंद केला आणि तिथे माणसं उपाशी मरायला लागली. आणि एप्रिल १९४१ मध्ये बर्लिनच्या थिएटरात लोक तारेच्या कुंपणामागच्या भुकेल्या बायका बघून रडतायत, इंग्रजांवर दात खातायत. ती छावणीची रीळ बघताना हे डोक्यात ठेवा, मग समजतं की खऱ्या दुःखाचा वापर किती थंड डोक्याने करता येतो.

जर्मनीच्या स्वतःच्या वसाहतींचं काय? तिथे सगळं ठीक होतं का?

अजिबात नाही. क्रूगरच्या देशाच्या वायव्येला, आजच्या नामिबियात, जर्मनीची वसाहत होती. १९०४ मध्ये तिथल्या हेरेरो जमातीच्या लोकांनी उठाव केला, जनरल लोथार फॉन ट्रोथाने २ ऑक्टोबर १९०४ ला हुकूम काढला की जर्मन हद्दीत दिसलेल्या प्रत्येक हेरेरोला गोळी घाला, लोकांना ओमाहेकेच्या वाळवंटात हाकललं आणि पाणवठे अडवले. जे वाचले त्यांना आणि नंतर नामा या दुसऱ्या जमातीच्या लोकांना छावण्यांमध्ये टाकलं, त्यातली ल्युडेरिट्झजवळच्या शार्क आयलंडची छावणी सगळ्यात भयंकर. १९०८ पर्यंत बहुसंख्य हेरेरो आणि साधारण निम्मे नामा संपले. म्हणजे बोअर युद्ध संपून दोन-अडीच वर्षं होतात तोवर जर्मनी त्याच भागात हे करत होती. जर्मन सरकारने याला वंशसंहार असं अधिकृतपणे म्हटलं मे २०२१ मध्ये.

मग क्रूगर खरंच इतका थोर माणूस होता का?

हट्टी, धार्मिक, आपल्या लोकांसाठी जीव टाकणारा होता, हे त्याचे विरोधकही मानत. पण त्याचे "आपले लोक" म्हणजे फक्त गोरे बोअर. काळ्या आफ्रिकन माणसाला त्याच्या राज्यात नागरिकत्व नव्हतं आणि भारतीयांना पण नव्हतं. ट्रान्सव्हालचा १८८५ चा तिसरा कायदा त्याच्याच राजवटीतला, त्यात आशियाई माणसाला नागरिक होता येणार नाही, ठरवून दिलेल्या वस्तीबाहेर जमीन घेता येणार नाही, नोंदणीची फी भरावी लागेल, असं सगळं. भारतीयांचं शिष्टमंडळ भेटायला गेलं तेव्हा त्याने घरात न घेता बायबलचा दाखला देऊन सांगितलं की तुम्ही जन्मतःच गुलामी करायला आलेले आहात, हा किस्सा गांधीजींनी लिहून ठेवलाय. फिल्ममधला क्रूगर मात्र सगळ्यांचा प्रेमळ बाप, आणि आफ्रिकन लोक म्हणजे इंग्रजांच्या नादी लागणारी, गोऱ्या मालकाच्या धाकात ठेवायची लेकरं. आपण भारतीय प्रेक्षक म्हणून क्रूगरच्या बाजूने टाळ्या वाजवायच्या आधी हे माहीत पाहिजे, कारण त्याच्या राज्यात आपल्या माणसाची जागा त्या लेकरांच्याच रांगेत होती.

भारताचा आणि आपल्या महाराष्ट्राचा या युद्धाशी काही संबंध?

आहे, आणि बराच आहे.

गांधीजी तेव्हा दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ प्रांतात वकिली करत होते. मनातून सहानुभूती बोअरांकडे, पण ब्रिटिश प्रजा म्हणून हक्क मागतो तर कर्तव्यही केलं पाहिजे असं म्हणून त्यांनी साधारण ११०० भारतीयांचं ॲम्ब्युलन्स पथक काढलं, जानेवारी १९०० च्या स्पिऑन कॉपच्या लढाईत या लोकांनी जखमींना डोल्यांवर घालून मैलोन्मैल वाहून नेलं. नंतर दक्षिण आफ्रिकेच्या सत्याग्रहाचा इतिहास त्यांनी लिहायला घेतला तो पुण्याच्या येरवडा जेलमध्ये, १९२३ च्या शेवटाला, आणि त्यात बोअर बायकांनी छावण्यांत जे सोसलं त्याबद्दल फार आदराने लिहिलंय. क्रूगरचं वागणं सांगायचं आणि त्याच्या लोकांचं दुःखही मान्य करायचं, दोन्ही एकाच पुस्तकात. मला तरी या विषयावर याच्याहून सरळ नजर दुसरीकडे दिसली नाही.

दुसरी गोष्ट, पकडलेले बोअर युद्धकैदी इंग्रजांनी सेंट हेलेना, सिलोन, बर्म्युडा आणि भारतात पाठवले. भारतात जवळपास ९००० आले, आणि ज्या गावांत त्यांचे कॅम्प होते त्यात अहमदनगर (आताचं अहिल्यानगर) आणि सातारा ही आपली दोन नावं आहेत. नगरला तर पुढे दोन्ही महायुद्धांत जर्मन नागरिकांना पण ठेवलं होतं.

आणि गोपाळ कृष्ण गोखले १९१२ मध्ये दक्षिण आफ्रिकेत गेले तेव्हा प्रिटोरियात ज्यांच्याशी भारतीयांच्या हक्कांवर बोलणी केली ते पंतप्रधान बोथा आणि मंत्री स्मट्स, दोघेही याच युद्धातले बोअर सेनापती.

सुभाषबाबू तेव्हा बर्लिनमध्येच होते ना?

हो, नेताजी एप्रिल १९४१ च्या सुरुवातीलाच बर्लिनला पोचले, म्हणजे प्रीमियरच्याच आठवड्यात. नेताजींना इंग्रजांविरुद्ध मदत हवी होती आणि इंग्रजांविरुद्ध फिल्म काढणारं सरकार समोर होतं, पण त्या सरकारला वसाहतीतल्या माणसाच्या स्वातंत्र्याशी काही देणंघेणं नव्हतं, हिटलरने नेताजींना भेट दिली तीच वर्षभराने, २९ मे १९४२ ला, आणि भारताच्या स्वातंत्र्याची जाहीर घोषणा काही केली नाही.

खऱ्या बोअर लोकांना ही फिल्म काय वाटली असेल?

याचं एक उत्तर मिळणार नाही कारण ते लोकच दोन गटांत होते. दक्षिण आफ्रिका १९३९ पासून जर्मनीविरुद्ध युद्धात होती आणि पंतप्रधान होते यान स्मट्स, क्रूगरच्या सरकारातले सरकारी वकील आणि नंतरचे बोअर जनरल. प्रीमियरनंतर महिन्या-दीड महिन्यातच, मे १९४१ मध्ये, हे स्मट्स ब्रिटिश सैन्याचे फील्ड मार्शल झाले. म्हणजे फिल्म ज्यांच्या नावाने गळा काढत होती त्यांचाच नेता हिटलरविरुद्ध लढत होता. दुसरीकडे ओस्सेव्हाब्रांडवाख ही आफ्रिकानर संघटना नाझींना मानणारी, तिच्यातले जॉन फोर्स्टर युद्धकाळात नजरकैदेत होते आणि पुढे १९६६ मध्ये पंतप्रधान झाले. छावण्यांतल्या दुःखाची आठवण या दुसऱ्या गटाने वर्षानुवर्षं जागती ठेवली आणि तिच्या बळावर १९४८ नंतर वर्णभेदाचं राज्य चालवलं. तेव्हा या आठवणीचा गैरवापर काही एकट्या गोबेल्सने केला नाही.

एमिल यानिंग्स म्हणजे तोच ऑस्करवाला का?

तोच. १९२९ मध्ये पहिल्यांदा ऑस्कर दिले तेव्हा बेस्ट ॲक्टर हा. मूकपटांचा जमाना गेल्यावर हॉलिवूड सोडून जर्मनीत परतला, मार्लेन डिट्रिखबरोबर काम केलं, आणि नाझी आल्यावर त्यांच्याबरोबर गेला. 'ओम क्रूगर'मध्ये नुसता ॲक्टर नाही, सगळ्या प्रॉडक्शनची सूत्रंच त्याच्याकडे होती, त्यामुळे "बिचाऱ्याला करायला लावलं" हे मला पटत नाही. काम मात्र जबरदस्त केलंय, आंधळ्या म्हाताऱ्याचे सीन बघताना घसा दाटतो, आणि म्हणूनच फिल्म धोकादायक आहे. युद्धानंतर त्याला परत कॅमेऱ्यासमोर उभं राहता आलं नाही, जानेवारी १९५० मध्ये ऑस्ट्रियात वारला. बाकीचे: चेंबरलेन झालाय गुस्टाफ ग्र्युंडगेन्स, ऱ्होड्स झालाय फर्डिनांड मारियान. छावणीचा कमांडंट (ॲक्टर ओट्टो व्हेर्निके) मुद्दाम चर्चिलसारखा दिसेल असा बनवलाय, जाडजूड, आणि बायकांना डब्यातलं सडलेलं मांस देऊन स्वतःच्या बुलडॉगला चांगलं खायला घालतो.

फिल्मला ॲवॉर्ड वगैरे मिळाले का?

व्हेनिस फेस्टिव्हलमध्ये १९४१ चा मुसोलिनी कप, बेस्ट फॉरेन फिल्म म्हणून. आणि "राष्ट्राची फिल्म" हा नाझी सरकारचा सगळ्यात वरचा किताब पहिल्यांदा हिलाच मिळाला.

अशा अजून फिल्म्स होत्या का?

होत्या. १९३४ मध्ये जर्मन पूर्व आफ्रिकेवर, म्हणजे आजच्या टांझानियाच्या भागावर, पहिल्या महायुद्धातली घोडेस्वारांची एक फिल्म आली. १९४१ मध्येच कार्ल पेटर्सवर एक, ज्याने तो भाग जर्मनीसाठी बळकावला आणि ज्याला आफ्रिकन लोकांवरच्या क्रौर्यापायी खुद्द कैसरच्या काळात नोकरीतून काढलं होतं, त्याला नाझींनी हिरो केला. १९४३ मध्ये झोपेच्या आजारावरच्या जर्मन औषधाची एक. गंमत नाही, पण यातल्या शेवटच्या दोन फिल्म्समधल्या आफ्रिकन गर्दीसाठी फ्रेंच सैन्यातले पकडलेले काळे युद्धकैदी उभे केले गेले.

इथे एका माणसाचं नाव घेतलंच पाहिजे, बायुमे मोहम्मद हुसेन. दार-ए-सलामला जन्मलेला, पोरवयात पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या बाजूने अस्कारी, म्हणजे वसाहतीतल्या आफ्रिकन शिपायांच्या, सैन्यात होता, पुढे बर्लिनला आला, थकलेला पगार मागितला तो मिळाला नाही, मग वेटरचं काम, स्वाहिली शिकवणं आणि सिनेमात बारीकसारीक रोल करून जगत होता. १९३४ च्या त्या फिल्ममध्ये आहे, कार्ल पेटर्सच्या फिल्ममध्येही आहे. गोऱ्या बाईशी संबंध ठेवल्याच्या आरोपावरून १९४१ मध्ये त्याला पकडलं आणि झाक्सेनहाउझेन छावणीत टाकलं, तिथेच २४ नोव्हेंबर १९४४ ला मेला. बर्लिनमध्ये त्याच्या घराच्या जागी फुटपाथवर त्याच्या नावाची पितळी फरशी बसवलीय.

आज बघता येते का? जर्मनीत बंदी आहे म्हणतात.

सरसकट बंदी नाही. अशा चाळीसेक नाझी फिल्म्स राखीव यादीत आहेत, हक्क व्हीसबाडेनच्या मुरनाउ फाउंडेशनकडे, आणि त्या दाखवायच्या तर आधी जाणकाराने माहिती सांगायची आणि नंतर चर्चा घ्यायची ही अट. डीव्हीडी काढून विकता येत नाही. मला ही पद्धत योग्य वाटते. नेटवर कॉप्या फिरत असतात, पण त्यांच्याखाली लोक "बघा इंग्रजांचं खरं रूप" असं लिहून पुढे ढकलतात आणि कोणी काढली, कधी काढली, हे गाळून टाकतात, ते चुकीचं आहे.

कॉलेजच्या मुलांना इतिहासाच्या तासाला दाखवली तर चालेल?

अख्खी नको. आपल्या मुलांना इंग्रजांवरचा राग शिकवावा लागत नाही, तो घरातूनच आलेला असतो, त्यामुळे ही फिल्म त्यांच्या मनात जर्मन मुलांपेक्षाही सहज उतरेल. छावणीचा पंधरावीस मिनिटांचा भाग दाखवा, पण त्याच्या आधी एमिली हॉबहाउसने काय बघितलं ते वाचून घ्या आणि नंतर शार्क आयलंड आणि राव्हेन्सब्रुकबद्दल सांगा, काळ्या लोकांच्या छावण्यांचे आकडे फळ्यावर लिहा, आणि मग मुलांनाच विचारा की फिल्ममध्ये कोण कोण दिसलं नाही. वेळ उरला तर मिशनऱ्यांचा सीन आवाज बंद करून परत लावा, राष्ट्रगीत काढून टाकल्यावर त्याचं काय होतं ते मुलांना पटकन कळतं.